बाहेर वळवलेल्या चपला

ही गोष्ट खरी आहे. या पेजवर प्रत्येक जण हेच लिहितो, मला माहीत आहे. मी स्वतः कितीतरी गोष्टींखाली "काहीही हं" अशी कमेंट टाकून पुढे गेलोय. आता माझ्यावर वेळ आलीय. तुम्हीही टाका, माझी तक्रार नाही.

फक्त एक सांगतो. माझ्या गोष्टीत अमावस्या नाही. सुनसान रस्ता नाही.

भर दुपार होती. गेल्या वर्षीचा एप्रिल. जालन्यातल्या एका कॉलेजचा हॉल, आणि हॉल माणसांनी भरलेला.

तरी घडलं...

आणि त्याची भीती वाटते त्यापेक्षा लाज जास्त वाटते. म्हणून घरी न सांगता इथे लिहितोय.

मी कल्याण. मूळ गाव परतूर तालुक्यातलं आष्टी. जालन्यात एका बियाणे कंपनीच्या ऑफिसात आहे. नोकरी पोटासाठी, पण जीव माझा माईकमध्ये. लग्नाचं सूत्रसंचालन, शेतकरी मेळावा, साहेबांचा निरोप समारंभ, कुठेही बोलवा. आमच्या भावकीत सोयरिकीची बैठक असली की मला पुढे बसवतात. "कल्याणला घ्या, तो बराबर बोलतो." हे ऐकायला मला फार आवडायचं.

आवडायचं, असं म्हणतोय. आता नाही आवडत.

कॉलेजात नीला मॅडम म्हणून प्राध्यापिका आहेत. त्या एक सिनेमा मंडळ चालवतात. त्यांनी मला बोलावलं आणि लॅपटॉपवर एक जुना जपानी सिनेमा दाखवला. शंभरएक वर्षांपूर्वीचा, मुका. सुरुवातीची पाटी गेलेली, त्यामुळे नावही माहीत नाही. शेवटचा भागही हरवलेला.

मॅडमनी सांगितलं, तिकडे तेव्हा मुका सिनेमा मुका नसायचा. पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा राहायचा. त्याला बेन्शी म्हणायचे. नायक, नायिका, बाप, शेजारीण, सगळ्यांचं तोच बोलायचा. लोक नटाच्या नावावर जेवढी गर्दी करत तेवढीच या बोलणाऱ्याच्या नावावर करत.

"आपण तसंच करायचं. मराठीत. तुम्ही बोला," मॅडम म्हणाल्या.

माझी छाती फुगली. माझ्यासाठीच केलेलं काम होतं ते.

सिनेमा प्रेमाचा होता. पण आपल्याला सवय आहे तसलं प्रेम नाही. मिठी नाही. मॅडम म्हणाल्या, चुंबन वगैरे तिकडच्या पडद्यावर येऊच देत नसत, कापून टाकत. आणि नायिकेचं काम बाप्यानं केलेलं. तेव्हा तिकडे तीच रीत होती, जशी आपल्याकडे नाटकात होती.

गोष्ट साधी. कापड रंगवणाऱ्या एका माणसाची मुलगी. त्यांच्या घरी भाड्यानं राहणारा एक विद्यार्थी. तो पावसातून येतो, ती त्याची छत्री वाळत घालते. ती बाहेर निघते, तर तो आधी येऊन तिच्या लाकडी चपला दाराकडे तोंड करून ठेवतो, तिला वळावं लागू नये म्हणून. त्या चपलांना खाली दोन आडव्या लाकडी पट्ट्या असतात. ती पाय घालते, मान खाली घालते, हसते.

बस. एवढंच त्यांचं प्रेम. एकमेकांचं बोटही लागत नाही.

मग बाप तिचं लग्न दुसरीकडे ठरवतो. विद्यार्थ्याचा एक मित्र असतो, बोलका. तो तिला शब्द देतो की तुझ्या बापाशी मी बोलतो. तो येतो. बापासमोर बसतो. ती कागदी दारामागे बसून ऐकते. आणि तो... चहा पितो. इकडे तिकडे बघतो. उठतो. निघून जातो.

एक शब्द बोलत नाही.

त्यानंतर पूल दिसतो. पुलावर तिच्या चपला. पुढचा भाग हरवलेला.

पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी त्या मित्राला शिवी घातली होती.

आता तृप्तीचं सांगतो. तृप्ती माझी चुलत बहीण. काकासाहेब म्हणजे माझे काका, त्यांची एकुलती मुलगी. काकू ती लहान असतानाच गेल्या. शिकून ती एमआयडीसीतल्या एका बियाणे प्लांटच्या लॅबमध्ये लागली आणि आमच्याकडे राहायला आली. मी, माझी बायको मीना आणि तृप्ती, असे तिघं.

तिच्या प्लांटमध्ये राजानंद नावाचा मुलगा होता. शांत, कामाचा. तिचं त्याच्याशी जमलं. तो आमच्या जातीचा नव्हता. पुढचं तुम्हाला कळलंच असेल.

तिनं मार्च महिन्यातच मला सांगितलं.

"दादा, तू बोल ना बाबांशी. तुझं ऐकतेत ते."

"बोलतो की. त्यात काय एवढं."

बोललो नाही.

खरं कारण सांगतो. काका म्हणाले असते, तुझ्या भरवशावर पोरगी ठेवली अन् तू हे करून राह्यला. हे मला ऐकायचं नव्हतं. काकांच्या नजरेत माझी जी किंमत होती ती मला सोडवत नव्हती. दरम्यान काकांनी जालन्यातलंच एक स्थळ बघितलं. तृप्ती रोज संध्याकाळी माझ्या तोंडाकडे बघायची. मी रोज सिनेमाची तयारी आहे म्हणून लॅपटॉप उघडायचो.

तेव्हा पहिली गोष्ट झाली.

मी सराव करत होतो. त्या फाईलला आवाजच नाही, मुका सिनेमा तो. वरून मी लॅपटॉपचा आवाज बंद केलेला.

टक...

टक... टक...

लाकडावर लाकूड आपटल्यासारखं. हळू.

मीनानं स्वयंपाकघरातून विचारलं, "कोण आलं हो?"

म्हणजे तिलाही ऐकू आलं होतं. मी दार उघडलं. कोणी नव्हतं.

पण उंबऱ्याजवळ माझ्या चपला होत्या. मी आत येताना काढतो तशा नाही. वळवलेल्या. तोंड बाहेर.

मला वाटलं, मीनानं केलं असेल. ती म्हणाली, "मी कशाला वळवू? मला दुसरी कामं न्हाईत का?" तृप्तीवर शंका घेतली. ती म्हणाली, "दादा, मी तो सिनेमा पाह्यला बी न्हाई अजून."

दुसऱ्या दिवशी सकाळी परत तसंच. तिसऱ्या दिवशीही. फक्त माझ्याच चपला. जोडीनं, नीट, दाराकडे तोंड करून. कोणीतरी सांगत असल्यासारखं... निघ, जा, बोल.

मी काय केलं? चपला आत कपाटात ठेवायला लागलो.

कार्यक्रमाचा दिवस उजाडला. काका सकाळच्या एसटीनं आष्टीहून आले. त्याच संध्याकाळी मुलाकडच्यांच्या घरी बैठक होती. सुपारी फुटली की विषय संपला. तोवर दुपार मोकळी होती, तर काका म्हणाले, "चल, कल्याणचं भाषण ऐकू." माझं माईकवरचं बोलणं म्हणजे काकांना भारी कौतुक. पांढरी टोपी, धुतलेला सदरा घालून ते तृप्तीबरोबर पहिल्या रांगेत बसले.

हॉलच्या दारात तृप्तीनं मला गाठलं.

"दादा, संध्याकाळच्या आत."

"कार्यक्रम होऊ दे. लगेच बोलतो."

"तू महिनाभर हेच म्हणून राह्यला."

"बिलकुल बोलतो. शप्पथ."

ती वळली. आत जाऊन बसली.

पडदे ओढले. बाहेर रणरणतं ऊन, आत अंधार. दोन्ही बाजूंना मोठे कूलर घरघरत होते. मी पडद्याच्या डाव्या बाजूला उभा राहिलो, बेन्शी उभा राहायचा तसा. हातात माईक.

सुरुवात झकास झाली. नायिका बाप्या आहे हे मी आधीच सांगून टाकलं आणि तिच्या तोंडी बारीक आवाज काढून विनोद केले. हॉल हसला. मी आणखी केले. तिनं छत्री वाळत घातली तर मी म्हणालो, "अगं बाई, ऊन कुठंय?" लोकांनी टाळ्या दिल्या. काकाही हसले.

तृप्ती हसली नाही.

आणि माझ्या लक्षात आलं, पडद्यावरची पण हसली नाही. चपलांच्या प्रसंगात ती मान खाली घालून हसते. सरावात मी कितीदा तरी बघितलं होतं. त्या दिवशी तिनं चपलांत पाय घातले आणि सरळ समोर बघितलं. मला वाटलं, मोठ्या पडद्यामुळे वेगळं दिसतंय.

मग तो प्रसंग आला.

मित्र बापासमोर बसला. चहा आला. कागदी दारामागे ती.

इथं मला बोलायचं होतं, "मित्राची हिंमत होत नाही." एवढंच वाक्य. मी माईक तोंडाशी नेला, आणि माझं लक्ष पहिल्या रांगेत गेलं. पडद्याच्या उजेडात तृप्तीचा चेहरा दिसत होता.

ते वाक्य मी बोललोच नाही.

त्याच वेळी कूलर बंद पडले. दोन्ही. एकदम.

लाईट गेली म्हणावं तर प्रोजेक्टर चालू होता. हॉलमध्ये अशी शांतता पडली की कुणाच्या तरी बांगड्या वाजलेल्या मला ऐकू आल्या.

मी पडद्याकडे बघितलं.

दारामागे बसलेली ती... बापाकडे कान लावून बसलेली नव्हती. तिनं मान वळवली होती.

डाव्या बाजूला.

मी उभा होतो तिकडे.

ती माझ्याकडे बघत होती. पांढरा रंग लावलेला चेहरा, आणि त्यात डोळे. रागाचे नव्हते ते डोळे. वाट बघणारे होते. मी माईक खाली केला. मान खाली घातली. मला तिच्याकडे बघवलं नाही.

टक...

टक...

अगदी जवळ.

आणि मग मी माझा आवाज ऐकला.

स्पीकरमधून. माईक माझ्या मांडीजवळ लोंबत होता, तोंड माझं बंद होतं, दात दातांवर दाबलेले होते. तरी आवाज माझाच होता. माईकवरचा नाही, बारीक काढलेला तर नाहीच. घरात जेवायला बसल्यावर मी बोलतो तो.

"बाबा," आवाज म्हणाला, "माझ्यासाठी बोलायला आलेला माणूस चहा पिऊन चालला. म्हणून मीच बोलून राह्यले."

आवाज थांबला नाही.

"आई गेली तव्हा तुम्ही दार लावून माझी वेणी घालायचे. बाप्या माणूस वेणी घालतो म्हणून कोणी हसू न्हाई, म्हणून दार लावायचे. गुंता सोडवताना मला दुखू न्हाई म्हणून केस मुठीत धरायचे. अन् दर वेळेला इचारायचे, दुखलं का... आता बी इचारा ना, बाबा. एकदा इचारा. मंग द्या कुठं द्यायचं तिथं."

मग परत तोच आवाज.

"ज्याच्यावर जीव हाये त्यानं माझा हात बी धरला न्हाई अजून. तुम्हाला इचारल्याबिगर धरणार न्हाई म्हणतो."

घर्रर्र करून कूलर चालू झाले. मी मान वर केली. पडद्यावर पूल होता, पुलावर चपला. मग नुसता पांढरा उजेड.

टाळ्या पडल्या. खूप पडल्या. नीला मॅडम डोळे पुसत होत्या. म्हणाल्या, "शेवटचं तुम्ही लिहून आणलेलं नव्हतं ना? काय बोललात हो."

वेणीची गोष्ट मला माहीतच नव्हती. कधी ऐकलेलीच नव्हती.

बाहेर कडुलिंबाखाली काका उभे होते. टोपी हातात. चेहरा दगडासारखा. तृप्ती त्यांच्या मागे.

"कल्याण," ते म्हणाले, "हे तू आमच्या घरचं बोलला का?"

आता नीट वाचा. माझी लाज इथे आहे.

मी म्हणालो, "न्हाई काका. मी काहीच बोललो न्हाई. सिनेमातलं होतं ते."

तसं बघितलं तर खरं बोललो. पण खरं म्हणून नाही बोललो. काकांचा चेहरा बघून घाबरलो म्हणून बोललो. तृप्तीनं डोळे मिटून घेतले.

काकांनी टोपीनंच तोंड पुसलं.

"तू बोलला असता तर बरं वाटलं असतं," ते म्हणाले. "एवढ्या लोकांत पोरीची बाजू घ्यायला हिंमत लागती. मला वाटलं, आपल्या घरात एक तरी निघाला."

आणि मी... मी म्हणालो, "हो काका. मीच बोललो."

लगेच. विचारसुद्धा केला नाही.

काकांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. मग मागे वळून तृप्तीला विचारलं, "दुखलं का गं?"

ती तिथंच, सगळ्या लोकांत, त्यांच्या गळ्यात पडून रडली.

संध्याकाळची बैठक मोडली. मुलाकडच्यांना काकांनी स्वतः फोन केला, मान खाली घालून चार बोल ऐकून घेतले. भावकीतले काही लोक अजून आमच्याकडे येत नाहीत. पण दिवाळीनंतर तृप्ती आणि राजानंदचं लग्न झालं. लग्नात काकांनी पहिला फेटा मला बांधला. नवरदेवाच्या बापाच्या आधी. आणि माईक हातात घेऊन, आयुष्यात कधी माईक न धरलेला माणूस, सगळ्यांना म्हणाला, "हे लगन माझ्या पुतण्यानं लावलं."

मला तिथून पळून जावंसं वाटत होतं. फेटा काढून फेकावासा वाटत होता. मी हात जोडले आणि हसलो. फोटो आहे.

तृप्तीही सगळ्यांना तेच सांगते. दादामुळे झालं, दादा बोलला म्हणून. सासरी, प्लांटवर, सगळीकडे.

या संक्रांतीला ती वाण घेऊन आली होती. मीना आत चहा ठेवायला गेली. मला राहवलं नाही. म्हणालो, "ती वेणीची गोष्ट... तू कुणाला सांगितली होती का?"

"राजानंदला बी न्हाई सांगितली."

"मंग मला कशी..."

"दादा," ती म्हणाली. आवाज एकदम साधा. "मी पहिल्या रांगेत बसल्ते. तुझं तोंड बंद होतं."

ती पुढे सांगत गेली.

"माईक खाली होता. तू खाली पाहून राह्यल्ता. बाबा पडद्याकडं पाहून राह्यल्ते, पण मी सगळं पाह्यलं."

"तुला पहिल्यापासून माहीत होतं?"

"हो."

"मग तू सगळ्यांना माझं नाव का सांगते?"

ती थोडा वेळ हातातल्या तिळगुळाकडे बघत राहिली. "बाबांना लई बरं वाटलं ना. तू बोलला म्हणून. त्यांचं कशाला मोडू?"

चिडली असती तर बरं झालं असतं. ती चिडली नाही.

मग तिनं आवाज हळू केला. "अजून एक सांगू? तू खाली पाहून राह्यल्ता तव्हा पडद्यावर ती न्हवती. दार होतं, बाप होता, तो चहावाला मित्र होता. ती बसल्ती ती जागा मोकळी होती."

"मंग ती कुठं होती?"

"ते न्हाई माहीत. पण तुझ्या शेजारी, खाली, लाकडी चपला दिसल्या मला. नुस्त्या चपला. वरती कोणी न्हाई."

मीना चहा घेऊन आली. आम्ही विषय बदलला.

मी ती फाईल नंतर परत बघितलीय. सगळं पहिल्यासारखं आहे. ती मान खाली घालून हसते, दारामागे बसून ऐकते, डावीकडे बघत नाही. सिनेमात काहीच नाही.

पण माझ्या चपला...

कार्यक्रमानंतर त्या जशा ठेवल्या तशा राहायच्या, लग्न झाल्यावरही. मला वाटलं, सुटलो. तृप्ती संक्रांतीला येऊन गेली, त्याच्या दुसऱ्या दिवसापासून परत सुरू झालंय. कपाटात ठेवल्या तरी सकाळी बाहेर असतात. मीना आता त्याबद्दल बोलत नाही. ती मुकाट्यानं उचलून ठेवते.

कुठं जायचं राहिलंय ते मला कळतं. आष्टी काही लांब नाही. काका दुपारी घरीच असतात. एकच वाक्य आहे, "काका, तो मी नव्हतो." तुम्हा अनोळखी लोकांसमोर एवढं लिहून झालं, पण ते एक वाक्य तोंडातून निघत नाही. निवेदनाची कामंही मी सोडून दिलीत. घसा दुखतो म्हणून सांगतो.

आज सकाळी चपला उंबऱ्यापाशी नव्हत्या. शोधल्या तर पायरीच्या खाली सापडल्या, अंगणात. तोंड रस्त्याकडे. आणि त्यांच्या शेजारी धुळीत ठसे होते. पावलाचे नाहीत. दोन आडव्या रेघा, परत दोन आडव्या रेघा... फाटकापर्यंत गेलेल्या. तिथं थांबलेल्या.

मी ते ठसे पायानं पुसले आणि ऑफिसला निघून आलो.